डीएलएल मिसिंग असा एरर आला तर फाइल डाउनलोड करू नका, तिचं पॅकेज शोधा

नवीन लॅपटॉपवर एखादं सॉफ्टवेअर टाकलं, डबल क्लिक केलं आणि मेसेज आला की व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल सापडली नाही म्हणून पुढे जाता येत नाही, प्रोग्राम परत इन्स्टॉल करून बघा. विंडोज ७ वर थोडे वेगळे शब्द असतात, तिथे "इज मिसिंग फ्रॉम युवर कॉम्प्युटर" असं येतं, पण दुखणं तेच. आता बहुतेक जण काय करतात, तर फाइलचं नाव जसंच्या तसं सर्चमध्ये टाकतात, वरती फ्री डीएलएल डाउनलोड देणाऱ्या साइटी येतात, तिथून ती एक फाइल उतरवून सिस्टम३२ या विंडोजच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये पेस्ट करतात. कृपा करून हे करू नका. खाली सगळं सविस्तर सांगते, आणि हे सगळं फुकटात होतं, कुणाला पैसे द्यायची गरज नाही.

(फाइलची नावं आणि कमांड मी इथे उच्चाराप्रमाणे देवनागरीत लिहितेय, स्क्रीनवर आणि टाइप करताना त्या अर्थातच इंग्लिश अक्षरात असतील.)

आधी डीएलएल म्हणजे काय ते दोन मिनिटात. डायनॅमिक लिंक लायब्ररी. प्रोग्रामला लागणारी बरीच कामं सगळ्यांना सारखीच असतात, मेमरी घेणं, अक्षरं जुळवणं, फाइल उघडणं, स्क्रीनवर चित्र काढणं, मग प्रत्येक प्रोग्रामने हा कोड स्वतःच्या पोटात घेऊन फिरण्यापेक्षा तो एका फाइलमध्ये ठेवायचा आणि ज्याला लागेल त्याने तिथून वापरायचा. गावकीची भांडी असतात ना, ज्याच्या घरी कार्य असेल तो नेतो, तसंच. लिनक्सवर अशा फाइलींना डॉट एसओ म्हणतात, मॅकवर डॉट डायलिब, कल्पना एकच.

यातली मुख्य गोष्ट ही की डीएलएल कधी एकटी नसते. ती कुठल्यातरी पॅकेजमधून आलेली असते, त्या पॅकेजमध्ये तिच्या सोबतच्या आणखी फाइली असतात, त्या सगळ्या एकाच व्हर्जनच्या असाव्या लागतात, आणि पुढे सिक्युरिटी अपडेट आला तर तो त्या पॅकेजलाच मिळतो. तुम्ही बाहेरून एक सुटी फाइल आणून टाकली तर नशीब असेल तर एरर जातो आणि लगेच दुसऱ्या फाइलचा येतो. व्हीसीरनटाइम१४० टाकली की एमएसव्हीसीपी१४० मागतो, ती टाकली की व्हीसीरनटाइम१४०_१ मागतो. असं माणूस पाच साइटी फिरतो आणि शेवटी प्रोग्राम चालतच नाही.

आणि धोका वेगळाच. डीएलएल म्हणजे फोटो किंवा फॉन्टसारखी निरुपद्रवी फाइल नाही, तो चालणारा कोड आहे. प्रोग्रामने ती लोड केली की त्या प्रोग्रामला जे जे करायची परवानगी आहे ते सगळं ती फाइल करू शकते. तुम्ही प्रोग्राम ॲडमिन म्हणून चालवला तर ती पण ॲडमिन. त्यात विंडोज साधारणपणे डीएलएल शोधताना पहिल्यांदा प्रोग्रामच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये बघतं, नंतर सिस्टमच्या फोल्डरमध्ये, आणि अगदी शेवटी पाथमधल्या (कुठे कुठे शोधायचं त्याची विंडोजने ठेवलेली यादी) फोल्डरांमध्ये. म्हणजे प्रोग्रामच्या शेजारी कुणी त्याच नावाची खोटी फाइल ठेवली तर बऱ्याचदा खरीच्या आधी तीच उचलली जाते. मालवेअरवाले हीच युक्ती मुद्दाम वापरतात, तिला डीएलएल साइड-लोडिंग म्हणतात. मग ज्या साइटचा मालक कोण ते माहीत नाही तिची फाइल आपण आपल्या हाताने तिथे का ठेवायची?

नाव वाचा, त्यावरून मालक कळतो

बहुतेक वेळा फाइलच्या नावातच उत्तर असतं. एमएसव्हीसीआर, एमएसव्हीसीपी, व्हीसीरनटाइम, एमएफसी यापैकी काहीही आणि पुढे आकडा असेल तर ती मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबलमधली (व्हिज्युअल सी प्लस प्लसमध्ये बनवलेले प्रोग्राम चालायला लागणारं पॅकेज) फाइल आहे. आकडा वर्ष सांगतो: ८० म्हणजे २००५, ९० म्हणजे २००८, १०० म्हणजे २०१०, ११० म्हणजे २०१२, १२० म्हणजे २०१३. १३० कुठेच नाही, तो आकडा त्यांनी वगळला. १४० म्हणजे २०१५ आणि त्याच्या पुढचं सगळं, कारण २०१५, २०१७, २०१९ आणि २०२२ यांचं रनटाइम, म्हणजे प्रोग्राम चालताना लागणाऱ्या फाइली, एकच आहे, नवीन टाकलं की जुन्यांचंही भागतं. पण हे फक्त १४० पासून पुढे हं. २०१०ची फाइल मागणाऱ्या प्रोग्रामला २०२२चं पॅकेज चालत नाही, त्याला २०१०चंच लागतं. म्हणूनच तुमच्या इन्स्टॉल्ड ॲप्सच्या यादीत व्हिज्युअल सी प्लस प्लस नावाच्या आठ-दहा एंट्री दिसतात, आणि "एवढे कशाला" म्हणून जे जुने उडवतात त्यांचा दोन महिन्यांनी कुठलातरी प्रोग्राम बंद पडतो. राहू द्या त्या, जागा फार खात नाहीत.

हे पॅकेज मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या साइटवर मिळतं, "लेटेस्ट सपोर्टेड व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल" असं शोधा आणि उघडताना पत्त्यात मायक्रोसॉफ्ट डॉट कॉमच आहे ना ते नीट बघा. तिथल्या यादीतले एक्स८६ आणि एक्स६४ हे दोन घ्या. दोन्ही टाका. इथेच सगळ्यात जास्त लोक अडकतात म्हणून पुन्हा सांगते, दोन्ही टाका. एक्स८६ म्हणजे ३२ बिट आणि एक्स६४ म्हणजे ६४ बिट, पण कुठलं लागणार हे तुमच्या विंडोजवर नाही तर त्या प्रोग्रामवर ठरतं, ६४ बिट विंडोजवर ३२ बिटचा प्रोग्राम असेल तर त्याला एक्स८६चंच पॅकेज लागतं. माझं विंडोज ६४ आहे म्हणून फक्त एक्स६४ टाकलं आणि तरी एरर जात नाही, ही तक्रार कायम ऐकू येते, कारण हेच.

याच बिटच्या भानगडीतला दुसरा घोळ फोल्डरच्या नावांचा. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरमध्ये ६४ बिटच्या फाइली असतात आणि सिसवाव६४ मध्ये ३२ बिटच्या. उलटं वाटतं पण तसंच आहे. जुन्या प्रोग्रामांच्या कोडमध्ये सिस्टम३२ हे नाव थेट लिहिलेलं होतं, ते बदललं असतं तर ६४ बिट करताना सगळे मोडले असते म्हणून ते तसंच ठेवलं, आणि ३२ बिटवाल्यांसाठी वेगळं फोल्डर केलं. ज्यांनी ३२ बिटची सुटी डीएलएल आणून सिस्टम३२ मध्ये टाकली, त्यांना शून्य एक्स सी शून्य शून्य शून्य शून्य शून्य ७ बी असा विचित्र कोड येतो. तो कोड दिसला की जवळजवळ नेहमी समजायचं, ३२ आणि ६४ एकमेकांत मिसळलेत. प्रोग्राम कितीचा आहे ते बघायचं तर टास्क मॅनेजरच्या डिटेल्स टॅबमध्ये वरच्या पट्टीवर राइट क्लिक करून प्लॅटफॉर्म हा कॉलम लावा, चालू प्रोग्रामसमोर ३२ की ६४ लिहून येतं.

बाकीची नावं भराभर. डी३डीएक्स९_४३, एक्सइनपुट१_३, एक्सऑडिओ२_७ ही जुन्या गेमची मंडळी, यांना डायरेक्टएक्स एंड-युजर रनटाइम्स, जून २०१० हे पॅकेज लागतं. माझ्याकडे डायरेक्टएक्स १२ आहे मग हे का, असं वाटेल, पण या मदतनीस फाइली डायरेक्टएक्सच्या मुख्य भागात कधी नव्हत्याच, वेगळ्याच येतात, आणि हे टाकल्याने तुमचं १२ काही खाली येत नाही. एपीआय-एमएस-विन-सीआरटी असं लांबलचक नाव विंडोज ७ किंवा ८.१ वर आलं तर युनिव्हर्सल सी रनटाइमचा अपडेट राहिलाय, त्याचा नंबर केबी२९९९२२६. विंडोज १० पासून तो आतच असतो. एमएफप्लॅट.डीएलएल मागत असेल तर तुमचं विंडोज बहुधा एन एडिशन आहे, युरोपियन कमिशनच्या निर्णयामुळे मीडिया प्लेयर काढून विकलेली आवृत्ती. इथे भारतात सहसा दिसत नाही पण जर्मनी, नेदरलँड्सकडे असलेल्या आपल्या लोकांच्या लॅपटॉपमध्ये निघू शकते, सेटिंग्जमधल्या ऑप्शनल फीचर्समधून मीडिया फीचर पॅक टाकला की झालं.

आणि वरच्यापैकी कुठलंच नाव नसेल, म्हणजे त्या सॉफ्टवेअरचीच स्वतःची काहीतरी फाइल असेल, तर ती दुसरीकडे कुठेही मिळणार नाही. सॉफ्टवेअर काढा, मूळ कंपनीच्या साइटवरून ताजं सेटअप घ्या, परत टाका. स्टीमवरचा गेम असेल तर प्रॉपर्टीजमध्ये जाऊन फाइली व्हेरिफाय करा, कमी पडलेली तो स्वतःच उतरवतो.

परत टाकूनही तीच फाइल गायब होत असेल तर अँटिव्हायरस बघा. विंडोज सिक्युरिटीमध्ये प्रोटेक्शन हिस्टरी असते, तिथे क्वारंटाइन केलेली, म्हणजे संशयावरून बाजूला कोंडून ठेवलेली फाइल दिसते. खऱ्या सॉफ्टवेअरची खरी फाइल चुकून पकडली असेल तर रिस्टोर करता येते. पण क्रॅक केलेलं सॉफ्टवेअर असेल तर तिथे रिस्टोर दाबू नका. क्रॅक म्हणजे बहुतेकदा बदललेली डीएलएलच असते आणि सोबत "अँटिव्हायरस बंद करा" अशी सूचना असते, त्या फाइलमध्ये आणखी काय भरलंय हे तुम्हाला कळायचा मार्ग नाही. त्याच मशीनवर तुमचं नेट बँकिंग आहे हे लक्षात घ्या.

विंडोजची स्वतःची फाइल बिघडली असेल तर

एकच प्रोग्राम नाही तर चार-पाच प्रोग्राम एकदम बोंबलायला लागले, किंवा अपडेट अर्धवट असताना लाइट गेली आणि मग हे सुरू झालं, तर विंडोजच्याच फाइली दुरुस्त करायला लागतील. स्टार्टमध्ये सीएमडी शोधा, राइट क्लिक, रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर. आधी डिझम चालवायचं: डीआयएसएम, स्पेस, स्लॅश ऑनलाइन, स्पेस, स्लॅश क्लीनअप डॅश इमेज, स्पेस, स्लॅश रिस्टोरहेल्थ. याला नेट लागतं आणि वेळ लागतो, मध्येच एखाद्या टक्क्यावर अडकल्यासारखं वाटतं, बंद करू नका. ते झालं की एसएफसी, स्पेस, स्लॅश स्कॅननाऊ. क्रम असाच का, तर एसएफसी दुरुस्तीसाठी विंडोजच्या आतल्या साठ्यातून चांगली फाइल घेतं, आणि तो साठाच खराब असेल तर ते काय दुरुस्त करणार, म्हणून डिझमने आधी साठा नीट करायचा. दोन्ही झाल्यावर रीस्टार्ट. मात्र रीडिस्ट्रिब्युटेबलने टाकलेल्या फाइली एसएफसीच्या कक्षेत येत नाहीत, त्यामुळे व्हीसीरनटाइमच्या एररला लोक एसएफसी सुचवतात त्याचा उपयोग होत नाही.

तसंच रेगएसव्हीआर३२ चं. कुठलीही डीएलएल असो, "रजिस्टर करून बघा" हा सल्ला सगळीकडे दिसतो. रजिस्टर करायची, म्हणजे फाइलची विंडोजकडे नोंद करायची गरज फक्त कॉम (कंपोनंट ऑब्जेक्ट मॉडेल) प्रकारच्या डीएलएल आणि त्याच जातीच्या ओसीएक्स फाइलींना असते. बाकीच्यांना ते केलं तर डीएलएलरजिस्टरसर्व्हर सापडलं नाही असा मेसेज येतो, याचा अर्थ फाइल खराब आहे असा नाही, तिच्यात रजिस्टर करण्यासारखं काही नाही एवढाच.

पण एका ठिकाणी ते खरंच लागतं, आणि आपल्याकडे ते अजून बरंच दिसतं. कित्येक दुकानं, पतसंस्था, प्रेसवाले यांच्याकडे व्हिज्युअल बेसिक ६ मध्ये कुणीतरी लिहून दिलेलं बिलिंग किंवा खात्यांचं सॉफ्टवेअर आहे, लिहिणारा आता फोन उचलत नाही, आणि नवीन मशीनवर फोल्डर कॉपी करून नेलं की एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स नीट रजिस्टर नाही असा एरर येतो. पहिलं, जुन्या सीडीवर किंवा जुन्या मशीनवर त्याचं सेटअप आहे का ते शोधा, सेटअप ही फाइल स्वतः टाकतं आणि रजिस्टर करतं. सेटअप नसेलच तर ज्या मशीनवर ते सॉफ्टवेअर चालतंय त्याच मशीनवरून ही ओसीएक्स घ्या. ६४ बिट विंडोजवर ती सिसवाव६४ मध्ये ठेवायची, कारण व्हीबी ६ चे सगळे प्रोग्राम ३२ बिट असतात, आणि ॲडमिन सीएमडीमध्ये सिसवाव६४ च्या फोल्डरमध्ये जाऊन तिथूनच रेगएसव्हीआर३२ चालवून पुढे फाइलचं नाव द्यायचं. व्हीबी ६ चं मूळ रनटाइम, एमएसव्हीबीव्हीएम६०.डीएलएल, विंडोजसोबतच येतं, त्याला हात लावू नका. आणि हे करायच्या आधी डेटाबेसची फाइल, जी बहुतेक वेळा ॲक्सेसची एमडीबी असते, पेनड्राइव्हवर कॉपी करून ठेवा. सॉफ्टवेअर परत उभं करता येतं, वर्षानुवर्षांची उधारीची खाती परत लिहिता येत नाहीत.

इंजिनिअरिंगच्या पोरांसाठी

प्रोजेक्ट तुमच्या लॅपटॉपवर चालतो आणि लॅबच्या पीसीवर एक्झामिनरसमोर डीएलएल मागतो, हे दरवर्षी होतं, आणि यात तुमच्या कोडची काही चूक नसते म्हणून नीट सांगते.

व्हिज्युअल स्टुडिओ वापरत असाल आणि एररमधल्या नावाच्या शेवटी डी असेल, म्हणजे व्हीसीरनटाइम१४०डी, एमएसव्हीसीपी१४०डी, किंवा यूसीआरटीबेसडी, तर तुम्ही डीबग बिल्ड नेलाय. डीबगच्या फाइली रीडिस्ट्रिब्युटेबलमध्ये नसतात, त्या दुसऱ्याला द्यायची परवानगीही नाही, त्यामुळे लॅबच्या पीसीवर काहीही टाकलं तरी ते चालणार नाही. वर डीबग लिहिलेलं असतं तिथे रिलीज निवडा, परत बिल्ड करा, ते न्या.

कोडब्लॉक्स किंवा मिनजीडब्ल्यू वापरत असाल तर लिबएसटीडीसी++-६ आणि लिबजीसीसी_एस ने सुरू होणाऱ्या डीएलएल मागतो. त्या तुमच्या कम्पायलरच्या बिन फोल्डरमध्ये आहेत, तिथून ईएक्सईच्या शेजारी कॉपी करा, किंवा लिंक करताना डॅश स्टॅटिक हा ऑप्शन द्या म्हणजे तो कोड ईएक्सईच्या आतच जातो. मी तर कॉलेज प्रोजेक्टला स्टॅटिकच सांगेन, फाइल थोडी मोठी होते पण कुठेही चालते. क्यूटी असेल तर ईएक्सईवर विनडिप्लॉयक्यूटी चालवा, तो लागणाऱ्या सगळ्या डीएलएल आणि प्लॅटफॉर्म्सचं फोल्डर शेजारी आणून ठेवतो. ते प्लॅटफॉर्म्सचं फोल्डर राहिलं की डीएलएल सगळ्या असूनही क्यूटी प्लॅटफॉर्म प्लगिन सुरू झालं नाही असा एरर येतो.

पायथनवाल्यांना "डीएलएल लोड फेल्ड व्हाइल इम्पोर्टिंग" येतं. आधी व्हिज्युअल सी प्लस प्लसचं लेटेस्ट टाका, मग पायथन ३२ बिट आहे की ६४ ते बघा. आणि एक बदल खूप जणांच्या लक्षात येत नाही, पायथन ३.८ पासून विंडोजवर एक्स्टेन्शनला लागणाऱ्या डीएलएल पाथमध्ये शोधल्या जात नाहीत. त्यामुळे जुन्या ट्युटोरियलप्रमाणे पाथमध्ये फोल्डर टाकून उपयोग नाही, कोडमध्ये ओएस.ॲड_डीएलएल_डिरेक्टरी ला त्या फोल्डरचा पूर्ण पत्ता द्यावा लागतो.

मेसेजमध्ये ज्या फाइलचं नाव आहे ती जागेवर आहे, बिट पण बरोबर, तरी एरर येतो असंही होतं. तेव्हा त्या फाइलला आत आणखी एखादी फाइल लागते आणि ती नसते. अशा वेळी डिपेन्डन्सीज नावाचं ओपन सोर्स टूल घ्या, त्यात ईएक्सई उघडली की कोण कोणावर अवलंबून आहे ते झाडासारखं दिसतं आणि न सापडलेली लगेच कळते. जुनं डिपेन्डन्सी वॉकर विंडोज १० वर वापरू नका, ते नवीन प्रकारची नावं ओळखत नाही आणि चांगल्या फाइली पण गायब दाखवतं. त्यातूनही नाही कळलं तर मायक्रोसॉफ्टचं प्रोसेस मॉनिटर, त्यात पाथ डीएलएलने संपतो आणि रिझल्ट नेम नॉट फाउंड आहे असे दोन फिल्टर लावा. ओळी खूप येतील, शेवटच्या काही बघा, प्रोग्राम कुठल्या फाइलपाशी हात टेकून थांबला ते तिथे दिसतं.

लिनक्सवर काम सोपं आहे कारण तिथे फाइल कुठल्या पॅकेजची हे सिस्टमलाच विचारता येतं. एलडीडी आणि पुढे प्रोग्रामचा पत्ता दिला की नॉट फाउंड असलेली लायब्ररी दिसते (अनोळखी प्रोग्रामवर मात्र एलडीडी चालवू नका, काही वेळा तो प्रोग्रामचाच कोड चालवतो), आणि उबुंटूवर एपीटी-फाइल सर्च केलं की पॅकेजचं नाव मिळतं. उबुंटू २२.०४ पासून ओपनएसएसएल (एन्क्रिप्शनची लायब्ररी) ३ आलं, त्यामुळे जुने प्रोग्राम लिबएसएसएल.एसओ.१.१ मागतात. तिथे ३ वाल्या फाइलला १.१ नावाची सिमलिंक (दुसऱ्या नावाने तीच फाइल दाखवणारा शॉर्टकट) करायचा सल्ला मिळेल, तो मानू नका, आतली रचना बदललेली आहे. प्रोग्रामचंच नवीन व्हर्जन घ्या.

आता ज्यांनी आधीच सुटी डीएलएल आणून टाकली आहे त्यांनी काय करायचं. ती फाइल जिथे जिथे टाकली तिथून काढा, प्रोग्रामच्या फोल्डरमधूनही. कुठली आपली कुठली मूळची ते कळत नसेल तर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, डिजिटल सिग्नेचर्सचा टॅब बघा. रीडिस्ट्रिब्युटेबलच्या १४० वाल्या फाइलींवर मायक्रोसॉफ्टची सही असते. पण विंडोजच्या कितीतरी मूळ फाइलींना हा टॅबच नसतो, त्यांची सही वेगळ्या कॅटलॉगमध्ये असते, म्हणून टॅब नाही एवढ्यावरून सिस्टम३२ मधलं काही उडवू नका, तारीख आणि नाव आठवून तुम्ही टाकलेलीच काढा. मग इन्स्टॉल्ड ॲप्समध्ये त्या रीडिस्ट्रिब्युटेबलवर मॉडिफाय आणि रिपेअर करा, मूळ फाइल परत येते. शेवटी विंडोज सिक्युरिटीमधून डिफेंडरचा ऑफलाइन स्कॅन लावा, तो विंडोज सुरू व्हायच्या आधी चालतो.

एवढं करून अडलात तर विचारा, पण विचारताना फाइलचं नाव अक्षर न अक्षर तसंच, मेसेजचा पूर्ण स्क्रीनशॉट, प्रोग्राम ३२ आहे की ६४, आणि रनमध्ये विनव्हर टाइप केल्यावर येणारं विंडोजचं व्हर्जन, हे चारही द्या. नुसतं "डीएलएलचा एरर येतोय" यावरून कुणालाच काही सांगता येत नाही.